तुमच्या उंचीवरची टिकली

याकोव,

परवा मिर्ना तुमच्या घरातली टिकली नखाने खरवडत होती. मी दारातूनच तिला थांबवलं. खिडकीशेजारच्या पांढऱ्या भिंतीवर, तिच्या हनुवटीच्या उंचीला चिकटलेला तो मरून ठिपका तिला रंगाचा डाग वाटला होता. महिनाअखेरीला घर रिकामं करून द्यायचं, भिंती स्वच्छ हव्यात, असं इथल्या ऑफिसने तिला बजावलं होतं. ती तुमची मुलगी, झाग्रेबहून तुम्हाला पोचवायला आलेली. तिने तिथलं काहीही काढलं तरी मी कोण बोलणार? पण टिकली माझी होती, आणि ती तिथे कशासाठी लावली होती हे सांगू शकणारी आता मी एकटीच उरले आहे.

तिला सांगितलं, आणि आता इथे लिहून ठेवते आहे. मराठीत लिहिते आहे, कारण तुमच्यानंतर हे वाचायचं आहे ते माझ्या नातवंडांनी. सई आणि नील तिकडे मिशिगनमध्ये, नोव्हायला वाढले. त्यांना तुम्ही माहीत आहात ते उन्हाळ्यात आजीच्या समोरच्या दारातून वाकून बाहेर येणारे, खिशात सुके अंजीर ठेवणारे याकोव आजोबा म्हणून. तुम्ही काय काम करत होतात हे त्यांना नीट ठाऊक नाही. इथे न्यू जर्सीत, पार्सिपनीतल्या आपल्या बिल्डिंगमध्येही कुठे कुणाला ठाऊक होतं? नीलचं मराठी वाचन रेंगाळत चालतं. अडला तर त्याची आई वाचून दाखवेल. सईला यातलं शेवटचं सगळं माहीत आहे, ते का ते पुढे येईल.

समोरासमोर दारं असून आपण पहिलं वर्ष नुसत्या ‘गुड मॉर्निंग’वर काढलं. माझा नवरा श्रीधर गेल्यानंतरचं ते वर्ष होतं, मलाही त्याहून जास्त बोलायचं नव्हतं. मग एका दुपारी तुम्ही दार वाजवलंत. हातात दोन कागद. नमस्कार-चमत्कार काही नाही.

“मिसेस भिडे, तुम्हाला चष्मा आहे. म्हणजे तुम्ही वाचत असणार. मोठ्याने वाचाल का?”

तुमचं काम असं चालायचं की, कुठल्याशा मालिकेत छोटी भूमिका निघाली की न्यूयॉर्कमधली तुमची एजंट बाई सीन पाठवायची. पूर्वी म्हणे शहरात जाऊन रांगेत बसावं लागे. आता ऑडिशन घरीच द्यायची, फोनवर रेकॉर्ड करून पाठवायची. फोनसमोर नट आपले संवाद म्हणणार, आणि फोनच्या बाजूला उभं राहून कुणीतरी समोरच्या पात्राचे संवाद वाचणार. त्या कुणीतरीला रीडर म्हणतात. त्याचा फक्त आवाज ऐकू येतो, चेहरा कधीच दिसत नाही. तुमचा आधीचा रीडर मुलाकडे फ्लोरिडाला निघून गेला होता.

मी जन्मभर हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेत रक्ताचे नमुने तपासले. तिथे आपली माणसाशी गाठच पडत नाही, फक्त त्याच्या रक्ताशी. पण नागपूरच्या कॉन्व्हेंटमध्ये नन्सनी आमच्याकडून इंग्रजी वक्तृत्व घोटून घेतलं होतं आणि त्यात मला बक्षीसही मिळालं होतं. त्यामुळे मी मोठ्या आत्मविश्वासाने तुमच्या घरात शिरले. त्या पहिल्या सीनमध्ये तुम्ही गहाणवटीच्या दुकानाचे मालक होतात आणि मी चोरीचं घड्याळ विकायला आलेला विशीतला गुंड. मी जीव ओतून वाचलं. आवाज चढवला, उतरवला, एकदा दातओठही खाल्ले. तुम्ही शेवटपर्यंत ऐकून घेतलंत आणि अगदी अदबीने म्हणालात, “फार सुंदर. पण आपल्या दोघांपैकी एकाने अभिनय केला तरी पुरे.”

मला राग आला होता. घरी येऊन मी तो गुंड आरशासमोर पुन्हा एकदा वाचून पाहिला, आणि तुमचं बरोबर होतं.

तेव्हापासून मी सपाट वाचायला शिकले. किती जणांच्या वतीने वाचलं असेल! डिटेक्टिव्ह, वकील, घटस्फोट मागणारी तरुण बायको, एकदा तर अपहरण झालेला सहा वर्षांचा मुलगा. फक्त एक अडचण होती. मी वाचताना मान खाली घालायची, आणि माझ्या डोळ्यांकडे बघून बोलणारे तुम्ही माझ्याबरोबर खाली-वर व्हायचे. रेकॉर्डिंग पाहिलं की वाटायचं, हा मनुष्य एखाद्या उडणाऱ्या माशीशी बोलतो आहे. शेवटी एक दिवस मी पर्समधून टिकल्यांचं पाकीट काढलं आणि फोनच्या स्टँडशेजारी, माझ्या कपाळाच्या उंचीला, भिंतीवर एक टिकली लावली. म्हटलं, इथे बघा. मी कुठेही बघत असले तरी मी इथे आहे असं समजा. तुम्ही मागे सरकून टिकलीकडे पाहिलंत, मग माझ्याकडे, आणि म्हणालात की इतक्या वर्षांत इतकी शांत सहनटी तुम्हाला मिळाली नव्हती.

मुलांनो, आता त्यांच्या कारकिर्दीबद्दल, त्यांनी सांगितली तशी.

याकोव, तुम्ही स्प्लिटजवळच्या एका बेटावर जन्मलात, अभिनय शिकायला झाग्रेबला गेलात आणि लगेच मरायला लागलात. त्या काळी तिकडे युद्धपट फार निघत. सकाळी जर्मन गणवेश चढवून मरायचं, दुपारी जेवून क्रांतिकारकाची टोपी घालून पुन्हा मरायचं. एका सिनेमात तर तुम्ही पुलावरून गोळी झाडता आणि पुढच्याच दृश्यात खाली तीच गोळी लागून तुम्हीच पडता. हे सांगताना तुम्ही दर वेळी छातीवर हात ठेवून माझ्या सोफ्यावर कोसळायचे. मग टीव्हीवरच्या एका कौटुंबिक मालिकेत तुम्हाला पोस्टमन केलं. वाक्य बहुधा एकच, “पत्र आहे,” पण मालिका वर्षानुवर्षं चालली, आणि लोक रस्त्यात तुमच्या हातात खरी पाकिटं देऊ लागले. तुम्ही ती घेऊन पेटीत टाकत होतात. मी विचारलं होतं, त्यांना सांगायचं नाही का, की मी पोस्टमन नाही? तुम्ही म्हणालात, पत्र तर पोचलं ना.

मग तिकडे खरंच युद्ध आलं आणि तुम्ही इकडे आलात. इथे येऊन तुम्ही रशियन झालात. रशियन दरवान, रशियन गुंड, रशियन गुंडाचा थकलेला काका. मधूनच बल्गेरियन, एकदा ग्रीक न्हावी. एकदाच कुणीतरी तुम्हाला क्रोएशियन माणसाचं काम दिलं, आणि दिग्दर्शकाने सांगितलं की उच्चार अजून थोडे क्रोएशियन करा. तुम्ही केलेत म्हणे. कसे केलेत, ते मला शेवटपर्यंत करून दाखवलं नाहीत.

आपण इंडियन ग्रोसरीत गेलो होतो ती गंमत सईला मी फोनवर सांगितली होती. भेंडी निवडणारा एक तरुण तुमच्याकडे टक लावून बघत होता. शेवटी जवळ येऊन म्हणाला, “सर, आमच्या घरातली हीटिंगची फर्नेस तुम्हीच दुरुस्त केली होती ना?” त्याने तुम्हाला टीव्हीवर पाहिलं होतं, त्याला आठवत नव्हतं एवढंच. मी खुलासा करायला तोंड उघडणार तोच तुम्ही विचारलंत, “हो. नीट चालते आहे ना?” तो म्हणाला, एकदम मस्त. तुम्ही समाधानाने मान हलवलीत. गाडीत बसल्यावर मी चिडले. एवढी वर्षं काम करून लोकांनी फर्नेसवाला समजावं? तुम्हाला त्यात काहीच लागलं नव्हतं. त्याने मला त्याच्या घरातला माणूस समजलं, यापेक्षा आणखी काय हवं, असं तुम्ही विचारलंत. माझ्याकडे उत्तर होतं, पण समोर सिग्नल हिरवा झाला.

हाच आपला वाद होता. त्या दिवशी सुरू झाला आणि आपण तो अर्धाच टाकला.

तुमची बाजू मला पाठ आहे. स्क्रिप्टमध्ये तुमच्या माणसाला नाव नसायचं. ‘दुसरा पहारेकरी’ एवढंच. तुम्ही त्याला नाव द्यायचे. त्याचं लग्न झालं आहे का, त्याने सकाळी काय खाल्लं, आणि मुख्य म्हणजे तो या खोलीत कशासाठी आला आहे, हे ठरवल्याशिवाय तुम्ही मला पहिलं वाक्य वाचू द्यायचे नाहीत. लेखकाने त्याला का आत आणलं ते वेगळं, तो स्वतः का आला ते सांगा, असं म्हणायचे. त्या दुसऱ्या पहारेकऱ्याचं नाव इवो होतं आणि त्याचे नवे बूट त्याला चावत होते. मालिका लागली तेव्हा तुम्ही मला काही सांगितलं नव्हतं. दार उघडलं, दोन मोठे नट बोलत आत गेले, मागे तुम्ही उभे होतात, आणि तुम्ही एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर घेतलात. संपलं. मी म्हटलं, “अरे देवा, याचे बूट चावताहेत.” तुम्ही टाळी वाजवलीत. त्या संध्याकाळी तुमच्या चेहऱ्यावर जे होतं ते एखाद्याला मोठं पारितोषिक मिळाल्यावर दिसत असेल.

आणि तो रिकामा कप! तुमच्यासोबत टीव्ही बघणं ही शिक्षा होती. कुणी पडद्यावर चहा-कॉफी प्यायला लागलं की तुम्ही उठून उभे राहायचे. “मनगट बघा. कप रिकामा आहे. कागदाच्या पेल्यात हवा पितो आहे हा!” भरलेला कप माणूस वेगळा धरतो, त्याच्याकडे न बघताही त्याला जपतो, आणि बघणाऱ्याला ते कळतं, जरी काय कळलं हे सांगता आलं नाही तरी. तुमच्या ऑडिशनमध्ये एक घोट असला तरी माझ्या गॅसवर खरी कॉफी उकळायची.

इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीत तुमचा सत्कार झाला, तो तुमचा सर्वांत अवघड रोल होता, असं तुम्हीच म्हणाला होतात. निवेदक मुलाने तुमची ओळख ‘हॉलिवूड स्टार मिस्टर जेकब’ अशी करून दिली. अंगावर शाल आली, हातात नारळ आला. तुम्ही माईकवर म्हणालात, “मी स्टार नाही. स्टार बोलतो तेव्हा मागे जो ऐकतो, तो मी.” लोक हसले, त्यांना विनय वाटला. मग कार्यक्रम पुढे गेला, भारूड झालं, मुलांचं नृत्य झालं, महाप्रसादाची पंगत बसली, आणि तुम्ही नारळ खाली ठेवायला तयार नाही. डाव्या हातात नारळ, उजव्या हाताने मसालेभात. मी म्हटलं, ठेवा की बाजूला. तुम्ही हळूच विचारलंत, “रंगमंचावर हातात दिलेली वस्तू कुणी सांगितल्याशिवाय खाली ठेवायची नसते. इथे कोण सांगतं?” मग मी सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्याच्या वड्या केल्या. तुम्ही त्या लाल वाइनबरोबर खाल्ल्यात, आणि मी तिकडे पाहिलंच नाही.

मग मार्च आला आणि तो सीन आला.

या वेळी कागद माझ्यासाठी होते. तुमच्या एजंटला एक भारतीय आजी हवी होती, जवळपास राहणारी, सत्तरीतली, पूर्वी काम केलेलं नसलं तरी चालेल. तुम्ही माझं नाव सांगून मोकळे झाला होतात. मी कागद वाचला. एक डिटेक्टिव्ह भारतीय कुटुंबाच्या घरी येतो, कॉलेजात शिकणाऱ्या नातवाला चोरीबद्दल विचारपूस करतो. आजी ट्रे घेऊन येते. चहा आणि लाडू. डिटेक्टिव्हला म्हणते, “खा, खा. किती बारीक आहेस.” आणि जाते. आजीला नाव नाही.

मी म्हटलं, हे मी करणार नाही.

तुम्हाला वाटलं मी लाजते आहे. मी लाजत नव्हते. मी म्हटलं, या देशात मी पस्तीस माणसांची प्रयोगशाळा चालवली. सर्जन ऑपरेशन थांबवून माझ्या फोनची वाट बघायचे. आणि यांना माझ्या वयाची बाई दिसते ती लाडूचा ट्रे घेऊन. नातवाच्या गळ्याशी आलं आहे आणि ही बाई पोलिसाला खाऊ घालते आणि हसत आत जाते. कुठली आजी अशी असते?

“वाक्य वाईट आहे,” तुम्ही म्हणालात. “मला आयुष्यभर वाईटच वाक्यं मिळाली. पण ट्रे तुमच्या हातात आहे, लेखकाच्या नाही.”

“तुम्ही जन्मभर ट्रे धरलात, याकोव. मी नाही धरणार.”

हे वाक्य मी अजूनही मागे घेतलेलं नाही. तुम्हीही ते अंगाला लावून घेतलं नाहीत. कागद माझ्या टेबलावर ठेवलेत आणि जाता जाता म्हणालात, “ती आत का येते ते शोधा. मी तुमच्यासाठी वाचेन. सपाट वाचेन.” नंतर तुमची नेहमीची ऑडिशन आली, कुठल्या तरी कबरस्तानाचा राखणदार, आणि मी ती वाचली. कागदाचा विषय तुम्ही काढला नाहीत, मीही नाही. पुढच्या आठवड्यात तुम्ही जिन्यात बसलात, छातीवर हात ठेवून. मला क्षणभर वाटलं, तुम्ही तो पुलावरचा प्रसंग करता आहात. मग तुमचा चेहरा पाहिला आणि ॲम्ब्युलन्सला फोन लावला.

चर्चमध्ये तुमचे लोक त्यांच्या भाषेत गात होते. मला एक शब्द कळत नव्हता, तरी मी पूर्ण वेळ ऐकत होते, तुम्ही शिकवलं तसं. बाहेर आल्यावर काळ्या कोटातली एक बाई माझ्याकडे आली, तुमची एजंट. “तुम्हीच कुमुद ना? याकोव म्हणाला होता की तुमची ऑडिशनची टेप येणार आहे. त्यांना अजून आजी मिळालेली नाही. शुक्रवारपर्यंत थांबवू शकते.”

तुम्ही माझ्या वतीने होकार देऊन बसला होतात. तुमची शवपेटी गाडीत ठेवत होते आणि मी तिथे उभी राहून तुमच्यावर मनातल्या मनात भडकले होते. घरी आल्यावरही राग उतरेना. ज्या माणसाला जाऊन चार दिवस झाले नाहीत त्याच्यावर इतकं रागावता येतं, हे मला श्रीधरच्या वेळी कळलं नव्हतं. त्याच्यावर रागवायला काही शिल्लकच नव्हतं. तुम्ही मात्र अर्धा वाद टाकून गेलात, आणि तो माझ्या टेबलावर कागदाच्या रूपात पडला होता. शुक्रवार गेला की तो कायमचा तुमच्याच बाजूने मिटला असता. किंवा माझ्या. दोन्ही मला चालणार नव्हतं.

मुलीला, अनघाला, फोन केला. ती म्हणाली, “आई, आर यू शुअर? आत्ताच एवढं सगळं झालंय. नंतर कर ना.” तिला काळजी वाटत होती, बरोबर आहे. मी म्हटलं, नंतर शुक्रवार नसतो. सईला सांग, मला रीडर हवी आहे.

ती आत का येते ते शोधायला मला दोन दिवस लागले. तुमच्या पद्धतीने सुरुवात केली. नाव ठेवलं, सिंधू. तिने सकाळी काय खाल्लं, तर काही नाही, चतुर्थी आहे. स्वयंपाकघरात उभी आहे. बाहेर एक परका माणूस तिच्या नातवाला विचारतो आहे, काल रात्री कुठे होतास, कुणाबरोबर होतास. नातवाचा आवाज बारीक होत चालला आहे. तिला सगळं ऐकू येतं. तिला इंग्रजी उत्तम येतं, फक्त हे त्या पोलिसाला माहीत नाही. ती काय करेल? ओरडणार नाही, वकिलाला फोन करायला वेळ नाही. मग मी माझ्याच ओट्याशी उभी राहून लाडवाचा डबा उघडला, एक तोंडात टाकला आणि काहीतरी बोलून बघितलं.

बेसनाचा लाडू तोंडात असलेल्या माणसाला प्रश्न विचारता येत नाही, याकोव. टाळ्याला चिकटतो. निदान दोन मिनिटं गप्प बसावंच लागतं, वर चहा लागतो. आपल्याकडच्या प्रत्येक आजीला हे माहीत आहे. भांडण वाढायला लागलं की ती उगीच नाही ताटली पुढे करत. सिंधू पोलिसाला खाऊ घालायला येतच नाही. ती चौकशी बंद पाडायला येते.

मला एकटीलाच हसू फुटलं, आणि मग हसू राहिलं नाही. तुम्ही समोरच्या दारात असतात तर मी चपला न घालता धावत आले असते.

गुरुवारी दुपारी मिर्नाकडून किल्ली मागून घेतली. तुमच्याच खोलीत करायचं होतं, चारच्या सुमाराला तिथे उजेड चांगला येतो. माझीच निळी चादर तुमच्या मागे लावत होतो, ती अजून कोपऱ्यात घडी करून ठेवलेली होती. मिर्नाने ती धरायला मदत केली. फोन स्टँडवर लावला. शेजारच्या खुर्चीवर आयपॅड ठेवून सईला बोलावलं. ती कॉलेजच्या होस्टेलमधून, मागे कपड्यांचा ढीग, डोळे सुजलेले. तिलाही तुम्ही आवडायचे.

टिकली मात्र माझ्या उपयोगाची नव्हती. ती माझ्याच उंचीला होती. तिच्याकडे बघितलं तर मी स्वतःशीच बोलते आहे असं दिसलं असतं. मी मिर्नाला म्हटलं, तुझे वडील सरळ उभे राहिले की त्यांचे डोळे कुठे यायचे ते दाखव. तिने भिंतीजवळ जाऊन हात वर केला, जरा विचार केला आणि आणखी थोडा वर नेला. मी स्टुलावर चढून तिथे दुसरी टिकली लावली. आता मला मान वर करून बघावं लागत होतं, जसं जिन्यात तुमच्याशी बोलताना बघायची.

पहिल्याच वेळी सईने डिटेक्टिव्ह असा काही वाचला की मिर्नासुद्धा दचकली. मी तिला थांबवलं.

“सई, फार सुंदर. पण आपल्या दोघींपैकी एकीने अभिनय केला तरी पुरे.”

“आजी, दॅट्स सो मीन,” ती म्हणाली, आणि मग विचारलं, “हे ते म्हणायचे ना?”

मी हो म्हटलं. त्यानंतर तिने सपाट वाचलं.

अडचण दुसरीच आली. तिचा आवाज मिशिगनहून येईपर्यंत क्षणभर उशीर होत होता. माझ्या कागदावर तिचं वाक्य संपलेलं असायचं आणि ते अजून वाटेत असायचं. मी घाईने बोलले की दोघींचे आवाज एकमेकांवर आदळायचे. तीन-चार वेळा सगळं वाया गेलं. शेवटी मी कागद ठेवून दिला आणि नुसतं थांबायचं ठरवलं. ती बोलेल, ते माझ्यापर्यंत येईल, पोचेल, मग मी बोलेन. आणि तेव्हा कळलं की तुम्ही इतकी वर्षं करत होतात ते एवढंच. तुम्ही समोरच्याचं वाक्य तुमच्यापर्यंत पोचू द्यायचे. मी जन्मभर उत्तर तयार ठेवून ऐकत आले होते.

मी चादरीसमोर आले. हातात माझाच स्टीलचा ट्रे, त्यात लाडू आणि दोन कप. सईने वाचलं, “तुझ्या मित्रांची नावं सांग.” मी वर टिकलीकडे बघितलं. ऐकलं. मग पहिला कप नातवासाठी ठेवला, जिथे तो बसला आहे असं मी ठरवलं होतं तिथे. स्क्रिप्टमध्ये तसं नव्हतं, आणि तसं करू नका असंही नव्हतं. दुसरा पोलिसासमोर ठेवला, लाडवाची ताटली त्याच्या वहीवर सरकवली आणि माझं वाक्य म्हटलं. “खा, खा. किती बारीक आहेस.” सगळे शब्द त्यांनी लिहिलेले. फक्त आता तो हुकूम होता.

स्क्रिप्टप्रमाणे मी इथे हसून जायचं होतं. पण तुमचा नियम मला आठवत होता. सीन वाक्याबरोबर संपतो, माणूस संपत नाही. बटणाला लगेच हात लावू नका. किती वेळा मी घाईने रेकॉर्डिंग बंद केलं आणि तुम्ही मला पुन्हा सगळं वाचायला लावलंत. मी तिथेच उभी राहिले. पोलीस लाडू खातो की नाही ते बघत. मिर्ना तोंडावर हात ठेवून कोपऱ्यात उभी होती. आयपॅडमधून सई कुजबुजली, “आजी, इज इट ओव्हर?” मी वरच्या टिकलीकडे बघत राहिले. अजून थोडं, तुम्ही म्हणाला असतात. मी अजून थोडं थांबले.

मग कॅमेऱ्याकडे वळून नाव सांगितलं, ते शेवटी सांगावं लागतं. कुमुद श्रीधर भिडे, पार्सिपनी, न्यू जर्सी. उंचीही सांगितली, पाच फुटांहून थोडी कमी. टेप त्याच संध्याकाळी गेली.

रोलचं काय व्हायचं ते होईल. अजून कळवलेलं नाही. मिळाला तर करणार आहे, आणि तिथेही पहिला कप नातवालाच देणार आहे. कुणी अडवलं तर का ते सांगणार आहे. नाही मिळाला तर मंडळातल्या मुलांना सांगितलं आहे की पुढच्या गणपतीत नाटकात ज्यांना बोलायला काही नाही अशांनी माझ्याकडे दर शनिवारी यायचं. बूट चावणारे पहारेकरी मला इथे तयार करायचे आहेत.

मिर्ना उद्या निघते. दोन्ही टिकल्या भिंतीवर आहेत. तिने त्यांना हात लावला नाही आणि मीही लावणार नाही. रंगारी येईल, एकावर एक दोन हात देईल, आणि त्याखाली एक माझ्या उंचीला आणि एक तुमच्या उंचीला अशा त्या राहतील.

वाद मिटलेला नाही, हे लक्षात ठेवा. वाक्य वाईटच लिहिलं होतं. अशी वाक्यं आपल्यासारख्यांच्या वाट्याला का येतात, हे मी त्या लोकांना विचारणार आहे, संधी मिळाली की लगेच. तेवढ्यापुरतं माझंच बरोबर होतं.

पण चहा मी आलं घालून उकळला होता. कप भरलेला होता, याकोव.